मेंदीखालची नखं

"फंगल. अनफिट," मी रजिस्टरात लिहिलं, सही ठोकली आणि पुढच्या बाईला हाक मारली. पण समोरची बाई स्टुलावरून उठेना.

"मॅडम, अनफिट म्हणजे काय हो?"

मराठी ऐकून मी मान वर केली. सकाळपासून सगळं हिंदीत चाललं होतं. रजिस्टरात पाहिलं. विमल मेश्राम, पॅकिंग. नाव लिहितानाही माझ्या लक्षात आलं नव्हतं.

"म्हणजे तुमच्या नखांना बुरशी लागली आहे. बरी होईपर्यंत लाइनवर बसता येणार नाही."

"किती दिवस?"

"हाताचं नख पूर्ण नवीन यायला सहा महिने तरी लागतात."

त्यांनी हात मागे घेतले. "सोमवारी माझं पर्मनंटचं लेटर निघणार होतं," एवढंच म्हणाल्या आणि उठून गेल्या.

ही गोष्ट नव्वदच्या दशकातली. तेव्हा नोएडात दर महिन्याला एखाद्या सेक्टरात नवी फॅक्टरी उभी राहायची आणि जो तो एक्स्पोर्टच्या गोष्टी करायचा. मी त्वचारोगतज्ज्ञ. राहायला मयूर विहारच्या एका सोसायटीत, संध्याकाळी तिथेच क्लिनिक. आठवड्यातून दोन सकाळी या फॅक्टरीत जायचे. तिथे लोणची आणि चटण्या बाटल्यांत भरून परदेशी जात. कामगारांचे हात, नखं, त्वचा तपासून 'फिट' किंवा 'अनफिट' लिहायचं, एवढंच माझं काम. खरं सांगायचं तर मला ते जरा सोपंच वाटायचं. बारा वर्षांची प्रॅक्टिस होती. नख दिसलं की रोग दिसतो, असं मी ज्युनिअर डॉक्टरांना ऐकवायचे. त्यांनी ते वहीत लिहून घेतलं नसेल अशी आता आशा आहे.

पुढच्या आठवड्यात परदेशातल्या खरेदीदाराचे इन्स्पेक्टर येणार होते. पर्सोनेल मॅनेजर चड्ढासाहेबांनी मला तपासणीच्या आदल्या दिवशी क्लिनिकवर फोन केला. "डॉक्टर साब, कल सबके नाखून देख लीजिए. जिसके खराब हों, लिस्ट दे दीजिए. बस."

ते 'बस' फार महत्त्वाचं होतं. त्याचा अर्थ, दुपारच्या जेवणापर्यंत.

नेमकी ती करवा चौथच्या दुसऱ्या दिवशीची सकाळ. मी पुण्याची, चंद्र बघून जेवण्याशी माझा संबंध संकष्टीपुरता. पण सोसायटीत शेजारच्या मिसेस अरोरांनी मला त्यांच्या गच्चीवरच्या कार्यक्रमात ओढलं होतं आणि मेंदीवालीसमोर बसवलं होतं. मेंदीवालीने बोटांची पेरं, नखं, सगळं रंगवून टाकलं. फॅक्टरीतल्या बायकांचंही तेच. एकेक हात समोर यायचा आणि नखं अशी लालचुटूक, की डोळे सुखावत. नेलपॉलिशला तिथे बंदी होती. मेंदीबद्दल नियम करायचं कोणाला सुचलं नव्हतं. मलाही नाही.

दुपारी एकपर्यंत मी सगळे हात संपवले. लिस्टमध्ये एकच नाव होतं. एवढ्या मोठ्या फॅक्टरीत फक्त एक, म्हणून चड्ढासाहेब खूश. "वाह," ते म्हणाले आणि चहा मागवला.

मी पर्स उचलून निघणार तेवढ्यात विमलताई पुन्हा दारात आल्या. या वेळी त्या बसल्या नाहीत.

"मॅडम, एक विचारू? राग नका मानू."

"विचारा ना."

"आम्ही बौद्ध. नागपूरकडचे. आमच्यात करवा चौथ नसते. म्हणून माझे हात कोरे." त्यांनी दोन्ही हात माझ्यासमोर धरले. "बाकीच्यांच्या मेंदीखालचं तुम्हाला दिसलं का?"

मी काय उत्तर दिलं, ते आठवलं की आजही कसंतरी होतं. मी म्हणाले, "आता रजिस्टरात गेलंय हो. शुक्रवारी येईन तेव्हा बघू."

"शुक्रवारपर्यंत लिस्ट वर जाईल," त्या म्हणाल्या. आवाजात तक्रार नव्हती. "आमचे हे पॅरालिसिसने दोन वर्षं घरी आहेत. माझ्यावरच चालतं घर. तुम्ही आपल्याकडच्या म्हणून बोलले."

नोएडा मोडच्या चौकापर्यंत मी स्वतःशी वाद घालत गाडी चालवली. माझी बाजू भक्कम होती. नख पिवळं होतं. टोकाकडून सुटलं होतं. पुस्तकात तसंच लिहिलेलं आहे. पण पुस्तकात आणखीही काही लिहिलेलं असतं आणि ते मला सिग्नलवर थांबल्यावर आठवायला लागलं.

रात्री क्लिनिक आटोपून घरी आले आणि बेसिनपाशी हात धुवायला लागले. दोन आठवड्यांपूर्वी गाडीच्या दारात माझा डावा अंगठा सापडला होता. नखाखाली चांगला जांभळा डाग धरला होता, पेशंटसुद्धा विचारायचे. मी अंगठा नळाखाली धरून बघत राहिले. डाग कुठे आहे ते मला कळेना. माझंच बोट, माझाच डाग आणि मी शोधतेय.

दिवाणखान्यात आमचे हे सोफ्यावर पाय पसरून बसले होते. सरकारी नोकरी सोडून आठ-नऊ महिन्यांपूर्वी एका मोठ्या खाजगी कंपनीत लागले होते. सरकारी खात्यात वर्षानुवर्षं सँडल चालले. इथे टाय, नायलॉनचे मोजे आणि सकाळी आठ ते संध्याकाळी आठ काळे बंद बूट. नुकतेच मोजे काढलेले. माझी नजर त्यांच्या उजव्या अंगठ्यावर गेली आणि तिथेच थांबली.

"अहो, हे कधीपासून?"

"काय?"

"हे नख."

"बुटाने लागलंय. तुला दोनदा दाखवलं. तू म्हणालीस, बघू."

मी त्यांचा पाय मांडीवर घेतला. आमची मुलगी अभ्यास सोडून बघायला आली, कारण आईने बाबांचा पाय मांडीवर घेण्याचा प्रसंग आमच्याकडे विरळाच. एकाच पायाचा अंगठा. रोग नखाच्या टोकाकडून शिरून मुळाकडे सरकत चाललेला. नख जाड, मळकट पिवळं. खाली भुसा साठलेला, टाचणीने उकरला तर कागदावर पडेल असा. आणि करंगळीशेजारच्या बेचक्यात त्वचा पांढरी होऊन सोललेली. नखातली बुरशी बहुतेक वेळा तिथूनच चालत येते. पुस्तकातलं चित्र माझ्या सोफ्यावर सहा महिने बसलं होतं.

आणि विमलताईंचं नख? मी डोळे मिटून आठवून पाहिलं. भुसा होता का? आठवेना. जाडी? आठवेना. आठवत होता तो फक्त रंग. मी रंग बघितला होता, नख बघितलंच नव्हतं.

"आई, बाबांना काय झालंय? नखुरडं?" मुलीने विचारलं. हा शब्द तिला कुठून मिळाला कोण जाणे. दिल्लीत वाढलेल्या तिच्या मराठीत असे दोन-चारच खजिने होते.

"नाही. नखुरडं म्हणजे नखाच्या कडेची कातडी सुजते, दुखते ते. पाण्यात फार हात घातला की होतं. ही बुरशी आहे."

"म्हणजे फंगस? छी यार, बाबा!"

"तुझी आई याचीच डॉक्टर आहे," हे म्हणाले. "म्हणून मी निश्चिंत होतो."

दुसऱ्या दिवशी माझा फॅक्टरीचा वार नव्हता. तरी गेले. चड्ढासाहेब अजून यायचे होते. विमलताईंना बोलावलं, खिडकीपाशी उजेडात बसवलं आणि भिंग घेतलं. खरं तर हे सगळं आदल्या दिवशीच करायचं असतं.

नखांवर बारीक खड्डे होते. शिवताना बोटात घालतो त्या अंगुस्तान्यावर असतात ना, तसे. एका नखाखाली, कागदावर तेलाचा थेंब पडावा तसा पिवळसर-तांबूस डाग. रोग एका नखावर नव्हता, दोन्ही हातांच्या पाच-सहा नखांवर थोडा थोडा होता. भुसा नावालाच. बुरशी सहसा अशी वाटणी करून बसत नाही.

"डोक्यात कोंडा होतो का?"

"होतो ना. खूप वर्षांचा. जातच नाही."

"कोपर दाखवा."

कोपरावर चांदीसारखे पापुद्रे धरलेला रुपयाएवढा चट्टा होता. "हे तर कोरडेपणाचं आहे मॅडम. खोबरेल लावते."

तो कोरडेपणा नव्हता. सोरायसिस होता. तो नखांतही उतरतो. नखं पिवळी करतो, सोडवतो आणि घाईतल्या डॉक्टरला बुरशीसारखा दिसतो. फरक एवढाच, की तो एकाकडून दुसऱ्याला लागत नाही. लोणच्यालाही नाही.

पण कालच्या सहीवर आज नुसतं तोंडाने 'चुकलं' म्हणून भागणार नव्हतं. दोन रोग एकाच नखात असू शकतात, म्हणून मी विमलताईंच्या नखांखालचा जो काही चुरा निघाला तो स्वच्छ कागदात घेतला. घरून ह्यांच्या नखाची दुसरी पुडी आणली होतीच. दोन्ही घेऊन माझ्या क्लिनिकजवळच्या लॅबमध्ये गेले. परीक्षा साधी असते. चुऱ्यावर एका क्षाराचं पाणी घालून ठेवतात. नखाचा भाग विरघळतो, बुरशी विरघळत नाही. मग मायक्रोस्कोपखाली तिचे धागे दिसतात, गुंतलेल्या दोऱ्यासारखे. नख चिवट असतं, त्याला वेळ द्यावा लागतो. मी दुसऱ्या सकाळपर्यंत दिला. आयुष्यात एका नखाला मी दिलेला तो सर्वांत जास्त वेळ.

विमलताईंच्या काचेवर काही नव्हतं. पुन्हा पाहिलं, लॅबवाल्यांना पाहायला लावलं. स्वच्छ. आमच्या ह्यांच्या काचेवर धाग्यांचं जंगल होतं.

शुक्रवारी मी चड्ढासाहेबांच्या टेबलासमोर उभी राहिले.

"लिस्ट गलत है. मैंने गलत लिखा."

त्यांनी पेन खाली ठेवलं. "मॅडम, डॉक्टर का साइन है. साइन गलत कैसे होगा?"

"पेन मेरा था, इसलिए."

ते हसले नाहीत. मी सोरायसिस समजावून सांगितला. त्यांनी ऐकलं आणि मग मॅनेजरचा प्रश्न विचारला. इन्स्पेक्टर काय मायक्रोस्कोप घेऊन येणार आहे? त्याला नख खराब दिसलं की झालं.

"तो सबको दस्ताने दीजिए," मी म्हणाले. "हातमोजे घातले की नख दिसणारच नाही. खाण्याच्या कामाला तसेही हवेतच." मग उरलेलं सांगून टाकलं. विमलचे हात कोरे होते, म्हणून तिचंच दिसलं. बाकीच्यांचं मी पाहिलेलंच नाही. माझी पूर्ण तपासणी रद्द समजा.

'पूर्ण' ऐकल्यावर ते मागे टेकले. मग म्हणाले, "और आपका टेस्ट? वो फंगस पकडता भी है?"

मी दोन्ही रिपोर्ट पुढे सरकवले. "यह देखिए. जिसमें था, उसमें पकडा."

"यह किसका है?"

"मेरे पति का."

त्यांनी रिपोर्ट वाचला. पुन्हा वाचला. मग दाराकडे एक नजर टाकून आवाज उतरवला. "मॅडम, यह... जूतों से होता है क्या?"

त्यांचे बूट टेबलाखाली होते, नवे, चकचकीत. 'का विचारता?' असं मी विचारलं नाही. "संध्याकाळी क्लिनिक सहा वाजता उघडतं," एवढं हिंदीत सांगितलं. विमलताईंच्या नावापुढचा 'अनफिट' मी त्यांच्यासमोरच खोडला, कारण लिहिलं आणि पुन्हा सही केली.

सोमवारी सगळ्यांची तपासणी नव्याने झाली. मेंदीचा नखावरचा रंग धुऊन जात नाही, नख वाढेल तसा पुढे सरकतो. तेवढा वेळ कोणाकडे? मग मी रंगावरची नजर काढली. नखाची जाडी बोटाने चाचपली. पुढच्या कडेखाली उजेड टाकून भुसा शोधला. कडेची कातडी दाबून पाहिली. आणि सगळ्यांना चपला, गमबूट काढायला लावले, कारण नखाची बुरशी हातापेक्षा पायाला जास्त होते. पायांच्या नखांना बहुतेकींनी मेंदी लावलेली नव्हती. धुलाई विभागात तर गमबुटांत दिवसभर भिजलेल्या पायांनी मला चांगलंच काम दिलं. हाताला खरी बुरशी एकीलाच निघाली. दोघींना नखुरडं होतं. आदल्या आठवड्यात या तिघींनाही मी 'फिट' म्हणून सही दिली होती. लालचुटूक, डोळे सुखावणारी नखं. या वेळी कोणालाच काढलं नाही. तिघी बऱ्या होईपर्यंत लेबलं चिकटवायला बसल्या.

विमलताईंचं लेटर एक आठवडा उशिरा निघालं. दाखवायला आल्या तेव्हा मी माफी मागितली. मराठीतच. त्या म्हणाल्या, "असू द्या मॅडम. कोंड्याचं औषध मात्र द्या." त्या औषधाने कोंडा गेला. नखांना वर्ष लागलं आणि ती पुरती सरळ कधीच झाली नाहीत. मी तसं आधीच सांगून ठेवलं होतं. निदान तेवढं तरी पहिल्यांदा बरोबर सांगितलं.

आमच्या ह्यांचं नख दीड वर्षाने बरं झालं. अजूनही पाहुण्यांसमोर सांगतात, की आमच्याकडे तपासून घ्यायचं तर फॅक्टरीतून नंबर लावावा लागतो.

मी पुढे बरीच वर्षं त्या फॅक्टरीत जात होते. करवा चौथच्या आठवड्यात तपासणी ठेवली नाही. ठेवावीच लागली तेव्हा आधी पाय बघितले.