सभागृहात न आलेली पेटी

आमच्या भावोजींना सगळे पेटीवाले म्हणतात. दिवस भरायच्या आत जन्मलेल्या बाळांना उबेसाठी ज्या काचेच्या पेटीत ठेवतात, त्या पेट्या ते बनवतात. कधी कुणी कपडे ठेवायची पेटी विचारत येतं, तर त्यालाही चहा पाजूनच परत पाठवतात. स्वभावाने अगदी गरीब गाय. मी त्यांचा मेहुणा. वर्कशॉपमधली वायरिंग माझ्याकडे, आणि घरातलं रागावण्याचं कामही माझ्याकडेच.

सरकारी रुग्णालयाने अशा पेट्यांचं टेंडर काढलं. ते मिळालं तर वर्कशॉप तरणार, नाही तर शटर खाली, हे माझ्या बहिणीपासून सगळ्यांना ठाऊक होतं. अट अशी, की प्रत्येकाने आपली पेटी खालच्या सभागृहात समितीसमोर चालवून दाखवायची. आमची नमुन्याची पेटी आदल्या दिवशीच पोचली आणि नवजात बाळांच्या वॉर्डातल्या मोठ्या सिस्टरनी ती आपल्याकडे ठेवून घेतली. भावोजी त्यांना ताई म्हणत. पेटीचं दार कोणत्या बाजूला उघडलं तर बरं, हेसुद्धा ताईंनीच सुचवलेलं. संध्याकाळी वॉर्डातली एक जुनी पेटी बंद पडली आणि तिच्यातलं मूठभर जिवाचं बाळ आमच्या पेटीत हलवलं.

सकाळी आम्ही पेटी खाली न्यायला गेलो.

"दादा, बाळ आत आहे आणि दुसरी पेटी रिकामी नाही," ताई म्हणाल्या. "समितीला मीच वर घेऊन येते. बाळासकट चालू पेटी बघतील, आणखी काय हवं?"

मी भावोजींना बाजूला घेतलं. "हे लेखी घ्या."

"ताईंकडून लेखी? डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

समिती वर आलीच नाही. निकालात आमच्या नावापुढे शेरा होता, प्रात्यक्षिकास गैरहजर. टेंडर दुसऱ्याला गेलं.

भावोजी जन्मात पहिल्यांदा कोर्टाची पायरी चढले. वकिलांनी आधीच सांगितलं, "तुमची पेटी चांगली की त्यांची, हे न्यायालय बघत नसतं. निवड नियमाने झाली का, तुम्हाला न्याय्य संधी मिळाली का, एवढंच बघतं. पेटी आम्हीच थांबवून ठेवली असं सिस्टरनी सांगितलं, तर तुमची बाजू भक्कम आहे."

"ताई सांगतील," भावोजी म्हणाले आणि निर्धास्त झाले.

ताईंचं प्रतिज्ञापत्र आलं, पण रुग्णालयाच्या बाजूने. त्यात लिहिलं होतं, अशी पेटी वॉर्डात ठेवलेली नव्हती आणि समितीला वर आणण्याचं आश्वासन मी दिलेलं नाही. वकिलांनी वाचून दाखवलं, तशी माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. केसाने गळा कापणं म्हणतात ते हेच. भावोजी एवढंच म्हणाले, "पुन्हा वाचा."

याचिका फेटाळली गेली. न्यायाधीशांना मी दोष देत नाही. पेटी सभागृहात नव्हती हे आम्हीच कबूल केलं होतं, आणि का नव्हती हे सांगू शकणारं एकमेव माणूस उलटलं होतं.

मग पेटी परत आणायला आम्ही टेम्पो घेऊन गेलो. वॉर्डाबाहेर चपला काढल्या. पेटी होती तिथेच होती, चालू. आत आता दुसरं बाळ होतं, नळ्या लावलेलं. शेजारी ताई उभ्या होत्या.

"माझ्या पेन्शनला वर्षच राहिलंय, दादा. साहेबांनी समोर बसवून सही घेतली."

भावोजींनी सवयीने वाकून तापमानाचा आकडा बघितला. बरोबर होता.

"दादा, आज नका नेऊ," ताई हळूच म्हणाल्या. "बाळ आत आहे."

"तेव्हाही होतं, सिस्टर."

एवढं बोलून ते वळले. बाहेर येऊन त्यांनी चपला घातल्या आणि टेम्पोवाल्याला रिकामंच परत जायला सांगितलं.