गडबच्या बसचा ठराव

“तिसरीची ती रोह्याची घ्या. बोलत नाय, काय नाय. सही करील नि गाडी पकडील.”

संस्थेचे सचिव माझ्याबद्दल प्रिन्सिपल मॅडमना सांगत होते. शेजारच्या खोलीत, कपाटाच्या उघड्या दाराआड मी खडूंचा खोका शोधत होते. खरं तर राग यायला हवा होता, पण मला बरं वाटलं. न बोलण्याबद्दल मला लहानपणापासून शाबासकीच मिळत आली आहे.

पेणला मी ज्या इंग्रजी शाळेत शिकवते, तिथे पालक-शिक्षकांची कार्यकारी समिती नेमायची होती. शाळा खाजगी असली तरी शासनाचा तसा नियम आहे. प्रत्येक इयत्तेतून एक शिक्षक आणि एक पालक. पालक शाळेने आपल्या मर्जीने निवडायचे नाहीत, इच्छुकांच्या नावांच्या चिठ्ठ्या काढायच्या. सचिवांना हे मुळीच पटत नव्हतं. “उद्या वऱ्हाडीच आचाऱ्याला सांगतील, मीठ किती टाकायचं ते,” असं ते म्हणायचे आणि स्टाफरूममध्ये सगळे हसायचे. मीही हसायचे.

तिसरीच्या पालकांतून कोणी नाव देईना. एक नाव कसंबसं मिळालं, पण एका नावाची चिठ्ठी कशी काढणार? म्हणून मी गडबहून येणाऱ्या एका मुलीच्या आईला गेटवर गाठलं.

“टीचर, मना इंग्लिश नाय येत,” ती म्हणाली. “तिथं सगळे फाडफाड बोलतील नि मी बसेन कारखान्यातल्या बिनरंगाच्या गणपतीसारखी.”

“मी असेन ना शेजारी. सांगत जाईन तुम्हाला.”

हे मी मनापासून म्हटलं होतं. चिठ्ठी तिचीच निघाली.

आमच्याकडे पालकांशी इंग्रजीतच बोलायची पद्धत आहे. पालकांनाही ते हवं असतं. मराठीतच बोलायचं तर मूल इथे कशाला घातलं, असं त्यांना वाटतं. कळलं नाही तरी ते मान हलवतात, कारण विचारायला गेलं की आपल्याला येत नाही हे उघडं पडतं, आणि मग मास्तरीण आपल्या पोराकडे वेगळ्या नजरेने बघेल अशी भीती असते. सचिवांना हे चांगलं ठाऊक होतं. मलाही होतं.

पहिल्या सभेत प्रिन्सिपल मॅडमनी इंग्रजीत सांगितलं, गडबच्या बाजूला जाणारी बस अर्धी रिकामी जाते, दिवाळीनंतर ती बंद करायची, पालकांनी आपापली सोय पाहावी.

“काय बोलल्या गो?” ती माझ्याकडे वाकून कुजबुजली आणि लगेच जीभ चावली. “सॉरी हां टीचर. सवय.”

सचिव माझ्याकडे बघत होते. रागाने नव्हे, अगदी सहज, घड्याळाकडे बघावं तसे. माझी नेमणूक दर जूनमध्ये नव्याने होते.

“बसची व्यवस्था बदलतायत,” मी म्हटलं.

“चांगल्यासाठीच ना?”

मी मान हलवली. होकारार्थी हलवली की नुसतीच, हे मी संध्याकाळी रोह्याच्या एसटीत स्वतःशी ठरवत राहिले. गडब आलं तेव्हा खिडकीतून बाहेर बघायचं टाळलं. सभेत सगळ्यांनी हात वर केले, तसा तिनेही केला होता. पदर सावरून, नीट, उंच.

सोमवारी तिच्या मुलीने माझ्या टेबलावर पोह्याच्या पापडांची पिशवी ठेवली. शाळा सुटल्यावर आई स्वतःच भेटली. त्या दिवशी ती तालुक्याला कामाला आली होती.

“गावात सांगून टाकलंय मी, बसचं बरं होणार हाय. माझी जाऊ बोलते, बाय गो, मोठी झालीस, मीटिंगा करतेस! मी बोलले, तू पण शीक, तुला पण नेईन.” ती हसली. मग आवाज खाली आणून म्हणाली, “हिचा बाप कंपनीत. शिफ्टचं काय खरं नाय. हायवेला पोरगी एकटी सोडवत नाय टीचर. बस हाय म्हणून ती या शाळेत हाय.”

तेव्हाच सांगता आलं असतं. आजूबाजूला इतर आया होत्या, वॉचमन होता. मी “हो” म्हटलं आणि वर “थँक्यू” म्हटलं, पापडांसाठी.

घरी आईने ते तळले. मी घसा दुखतोय म्हणून घेतले नाहीत.

पुढचे काही आठवडे मी तिला सांगायची वाक्यं तयार करत होते. माझ्या मनात वाक्यं आधी इंग्रजीतच येतात. त्या भाषेत ती वाक्यं फार सभ्य व्हायची, निर्णय झालेला असायचा, पण तो कोणी घेतलेला नसायचा, नि मी तर त्यात कुठेच नसायचे. मराठीत करायला गेलं की पहिलाच शब्द ‘मी’ यायचा.

दुसऱ्या सभेत सुरुवातीलाच मागच्या सभेचे ठराव कायम करायचे होते. तसे ते कायम झाल्याशिवाय लागू होत नाहीत. सचिवांनी ते भरभर वाचले. गडबचं नाव आलं तेव्हा तिने ते ओळखलं आणि खूश होऊन माझ्याकडे पाहिलं. दिवाळीनंतर गावातल्या बाया तिच्याच दारात येणार होत्या, हात तूच वर केलास ना म्हणून विचारायला.

“ऑल इन फेवर?”

हात वर जाऊ लागले. तिचाही. मी उभी राहिले तेव्हा खुर्ची फरशीवर करकरली आणि सगळे वळले.

“येस, मिस?” सचिव म्हणाले.

त्यांच्याकडे बघून मला काहीच बोलता आलं नसतं. मी तिच्याकडे वळले.

“ताई, हात खाली घ्या. ते गडबची बस बंद करतायत. मागच्या वेळीही हेच ठरलं होतं, आणि मी तुम्हाला सांगितलं नाही.”