शिवबाईला जुनं पीठ

सात वर्षं मी शिवबाईच्या मागं दुसरी येते. सात वर्षं! आमच्या कॉलनीत संक्रांतीच्या हळदीकुंकवाला ज्वारीच्या भाकरीची स्पर्धा असते. अर्धा तास, पातळ आणि टम्म फुगलेल्या भाकऱ्या, फाटली की बाद, जिच्या जास्त ती पहिली. शिवबाई चाळीस वर्षं खानावळीत भाकरी थापतेय, आणि आमी घरच्या चौघांपुरतं थापणाऱ्या. कसं व्हायचं सांगा की!

म्हणून यंदा मीच पंचांकडं, म्हणजे गंगाधर सरांकडं तक्रार नेली. सर इंग्रजी शिकवून रिटायर झालेले. ऐकणारं माणूस सापडलं की सोडत न्हाईत. "मालतीबाई, याला उपाय हँडिकॅप! रेसमध्ये चांगल्या घोड्यावर जास्त वजन लादतात, सगळे बरोबरीनं यावेत म्हणून." आणि त्यांनी शिवबाईला जुनं पीठ ठरवलं. जुन्या पिठाचा चिकटपणा गेलेला असतो, थापताना भाकरी चिरते. मला तर गुदगुल्याच झाल्या.

शिवबाई भडकली. "हँडिकॅप? माजे हातपाय धड हायती!"

"अहो, तो अर्थ नंतर आला. मूळ शब्द 'हँड इन कॅप', म्हणजे टोपीत हात! विलायतेत दोघं वस्तूंची अदलाबदल करायचे, कुणी वर किती द्यायचं ते पंच ठरवायचा. मग दोघांनी टोपीत हात घालायचा. भरली मूठ काढली तर कबूल, रिकामी काढली तर नाकबूल."

"मग काडा की टोपी."

सरांनी डोक्यावरची माकडटोपी काढली. शिवबाईनं जुन्या पिठाची मूठ आत घातली आणि भरलीच बाहेर काढली. "कबूल!" सरांनी टोपी तशीच परत घातली, आणि स्पर्धाभर त्यांच्या भुवया पांढऱ्या होत्या.

शिट्टी झाली. माझ्या चार भाकऱ्या उतरल्या तरी ही बया पाणी उकळायची वाट बघत बसलेली. मग तिनं उकळत्या पाण्यात पीठ मळलं, त्यानं जुन्या पिठालाबी चिकटपणा आला, आणि जी थापत सुटली! शेवटी मोजलं तर तिच्या चौदा, माझ्या चौदा.

"वा! हँडिकॅप बसावा तर असा!" सर उड्या मारायला लागले. खूश तेवढे एकटेच. बक्षिसाची ढाल एकच होती. मग त्यांनी सांगितलं, एकमेकींची भाकरी खा आणि तुमीच ठरवा.

शिवबाईनं माझी खाल्ली. "बरी हाय," म्हणाली. स्वतःचीच चांगली असं काय तिनं म्हटलं न्हाई.

आता मी फक्त 'माझीच चांगली' म्हणायचं होतं, की ढाल आमच्या घरात. सात वर्षं शोकेसमध्ये जागा ठेवलीय तिच्यासाठी. मी तिच्या भाकरीचा तुकडा मोडला, तोंडात टाकला, आणि तोंडातनं निघून गेलं, "अगं आई गं! काय भाकरी हाय ही!"

झालं. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. जीभ हासडून टाकावी वाटली. मला भर मांडवात रडू आलं.

शिवबाई ढाल काखेत मारून माझ्याजवळ आली. "मालते, पुढच्या साली तुला पण जुनं पीठ."

मी पदरानं डोळे पुसले. "लई जुनं देऊ नका हं, अक्का."