इंझोरीच्या लग्नाची कॅसेट

भुताखेताच्या गप्पा सुरू झाल्या की खिल्ली उडवणारा पहिला मीच. शेलूबाजारला माझं दुकान आहे, जुन्या व्हिडिओ कॅसेट कॉम्प्युटरवर उतरवून देण्याचं. लग्नं, बारशी, तेरव्या... दिवसभर गेलेल्या माणसांवरची बुरशी पुसणारा कशाला घाबरतोय!

गेल्या उन्हाळ्यात पुण्याची काही मंडळी वऱ्हाडातल्या लग्नांवर टीव्हीसाठी मालिका करत होती. त्यांना अस्सल जुनं फुटेज हवं होतं, म्हणून मी ओळखीपाळखीत कॅसेट मागितल्या. वंदनाताई स्वतःच्या लग्नाची घेऊन आल्या. माहेर इंझोरीचं. टीव्हीवर खुशाल दाखवा म्हणाल्या, पण आधी मला माझे बाबा पाहू द्या.

आमच्याकडे कन्यादान होईस्तोवर मुलीचे आईबाप उपाशी असतात. ताईंच्या लग्नात मुहूर्त टळला, संध्याकाळ झाली, लगेच बिदाई. बाबांना जेवलात का, एवढं विचारायचं राहून गेलं. पंधरवड्यात बाबा वारले.

"तेच खाते मले, भाऊ," त्या म्हणाल्या. "उपाशी ठेवून आली मी त्याइले."

भर दुपार होती. फीत पार कुजलेली, एकदा चालली तरी नशीब. म्हणून चालवतानाच कॅप्चर लावलं, टीव्हीवर दिसेल ते त्याच वेळी कॉम्प्युटरमध्ये उतरत जाईल असं. पंगती दिसल्या... मग मांडवाच्या कडेने पाठमोरे चाललेले, टोपीतले एक गृहस्थ.

"बाबा, जेवले काय जी तुमी?" ताई टीव्हीलाच विचारून बसल्या.

गृहस्थ थांबले. वळून थेट आमच्याकडे पाहत म्हणाले, "जेवलो, माय. तू जाय."

पुढे फीत तुटली. ताई हमसून हमसून रडत होत्या. तेव्हा शूटिंगवाल्याने विचारलं असेल, योगायोग, असं मी स्वतःला समजावलं. अंगावर काटा मात्र आला होता, खोटं कशाला बोलू.

त्या गेल्यावर आवाज बारीक ठेवून फाइल लावली. बाबा वळतच नाहीत! पाठमोरेच चालत मांडवाबाहेर जातात. पुन्हा पुन्हा पाहिलं, तेच. जड मनाने ताईंना फोन करून सांगितलं.

"मले सांगतलं ना त्याइनं," त्या शांतपणे म्हणाल्या. "फाइलचं काय घेऊन बसले?"

फुटेज पुण्याला पाठवलं. काही दिवसांनी तिथल्या एडिटरचा फोन आला. पाठमोऱ्या बाबांचा तुकडा त्याला फार आवडला होता. फक्त सनईच्या मागे कोणी बाई जेवलात का विचारतेय, ती कोण?

मी हेडफोन लावले. आहे... ताईंचाच आवाज. तेव्हाच्या नवरीचा नाही, आत्ताचा, थकलेला. आणि माझ्या दुकानात माइक कधीच नव्हता. कॅसेटवर असेल तेवढंच कॉम्प्युटरमध्ये उतरतं.

आवाज काढून टाकू का, असं एडिटरने विचारलं. मी म्हटलं, राहू द्या.

कुणाला काही उलगडलं तर सांगा, मला अजून उलगडलेलं नाही. हल्ली लग्नाला गेलो की कन्यादान झाल्याबरोबर मुलीच्या बापाला हाताला धरून पंगतीत बसवतो आणि त्याचा पहिला घास होईपर्यंत तिथून हलत नाही.