तोंडाच्या उंचीवरचे बोचरे

या ग्रहावरचा बर्फ जिवंत आहे. आक्काच्या मते तो निर्लज्जही आहे.

बोचरा म्हणजे नखाएवढा, सहा टोकांचा स्फटिक. एक टोक वितळवतो, पुढे टेकवतो, पुन्हा गोठवतो. अशी त्याची चाल. हवेतला ओलावा पिऊन तो जगतो. फोडला तर सहा तुकड्यांचे सहा बोचरे होतात, म्हणून त्याला कुणी फोडत नाही. पातळ पत्र्याने अलगद उचलायचं आणि लांब नेऊन सोडायचं. औषधांच्या गोदामात हे काम सोळा वर्षं आक्काकडे होतं.

बाहेरच्या थंडीत औषधं गोठून बाटल्या तडकतात. म्हणून गोदाम उबदार ठेवायचं, दार घट्ट लावायचं. आणि बोचऱ्यांना आवडायची ती नेमकी त्या दाराची चौकट. आक्का रोज बाहेरून चौकटीला नाक लावून उभी राहायची. हातात पत्रा, तोंडाचा पट्टा चालू.

"मुडद्यांनो, एवढं जग ओस पडलंय, तुम्हाला माझंच दार सापडलं?"

ती बोलू लागली की बोचरे जागीच थांबत. "घाबरतात मला," ती सांगायची. नव्या कामगारांनाही तिने हेच शिकवलं होतं. आधी दम द्यायचा, मग पत्रा लावायचा.

त्या सकाळी चौकटीवर बोचरे इतके साचले की दार लागेना. बोटभर फट राहिली.

"आक्का, दुपारी तपासनीस येतोय," गोदामप्रमुख म्हणाला. "दार लागलं नाही तर टाळं ठोकतील. मग तुम्ही घरी, मीही घरी."

"मला काय सांगताय? यांना सांगा!"

आक्काने दुप्पट जोराने दम दिला. तासाभराने फट दोन बोटं झाली. तिने पत्रा आपटला.

तेवढ्यात तिची नणंद आली. आक्का चष्मा घरी विसरली होती, तो द्यायला. बावीस वर्षं दोघी एका घरात राहत होत्या. या बावीस वर्षांत 'हो' आणि 'बरं' यापलीकडे नणंद फारशी गेली नव्हती. तिने चष्मा दिला आणि चौकटीकडे बघत राहिली.

"वहिनी, हे वर नाहीत. खालीही नाहीत. फक्त तुमच्या तोंडाच्या उंचीवर आहेत."

"मग?"

"थांबतात ते घाबरून नव्हे. तुमचा श्वास पितात."

आक्काने चष्मा लावला. बोचऱ्यांचा हातभर रुंदीचा जाड पट्टा. बरोबर तिच्या ओठांसमोर.

सोळा वर्षं! रोज पोटभर वाढून वर विचारत होती, जात का नाही म्हणून.

"हे आधी नाही सांगता आलं तुम्हाला, वन्सं?"

"मी कधी आले होते इथे?"

तोंड बंद ठेवलं तरी दुपारपर्यंत ते हलणार नव्हते. उपाय एकच होता. आक्का एक पाऊल मागे सरकली आणि बोलू लागली. पट्टा हलला. ओघळावा तसा खाली उतरला आणि तिच्या मागे निघाला. ती ओणवी होऊन उलटी चालत बोलत होती. अंगणाच्या भिंतीपर्यंत तीस पावलं. बोचऱ्यांना शिव्या देऊन झाल्या. मग नवऱ्याचा नंबर लागला, मग गोदामप्रमुखाचा. तो आत निघून गेला. विसाव्या पावलाला घसा बसला. बोचरे थबकले. दोन-चार दाराकडे वळलेही.

"वन्सं, बोला काहीतरी!" आक्का घोगऱ्या आवाजात म्हणाली.

"काय बोलू?"

"काहीही! माझ्याबद्दल बोला!"

नणंद खाली वाकली. जरा विचार केला.

"पहिल्या वर्षी माझी खिडकीजवळची खाट काढून तुम्ही तिथे शिलाई मशीन ठेवलंत. विचारलंसुद्धा नाहीत."

सगळेच्या सगळे बोचरे तिच्याकडे वळले. आक्का बघतच राहिली. पोसलं आपण, आणि निघाले वन्संच्या मागे! खाटेनंतर आरसा झाला. आरशानंतर लोकरीची शाल. नणंद एकेक वस्तू तारीखवार काढत होती, आणि बोचरे भिंतीशी जाऊन तिच्याभोवती गोळा झाले.

तपासनीस आला. दाराच्या फटीत कागद धरून त्याने दार लावलं. कागद ओढला. निघाला नाही. "ठीक आहे," म्हणून तो गेला. गोदामप्रमुखाने आक्कापुढे हात जोडले.

आक्का भिंतीशी गेली. आता पुरे, हे सांगायला तिने तोंड उघडलं. कडेचे चार बोचरे लगेच तिच्याकडे वळले. तिने तोंड मिटलं. वरून हात ठेवला.

"...आणि तिसऱ्या वर्षी पाहुण्यांसमोर मला काय म्हणालात, आठवतंय?"

आक्काने जोरजोरात होकारार्थी मान हलवली. नणंदेची नजर खाली बोचऱ्यांवर होती.

"नाही ना? वाटलंच मला. थांबा, पहिल्यापासून सांगते."