खारूताईचं थांबणं

मानवतला आमच्या शाळेत टेबलावर मोज्याची खार बोलायची आणि टेबलाखाली हात वर करून मी उकिडवी बसलेली असायची. पोरांनी मोबाईलवर बघायचे धडे होते ते. गुडघे धरायचे माझे, आणि गावोगावी मिरवायचं खारूताईनं! नवरा चिडवायचा, "तुझ्यापेक्षा तुझा मोजा फेमस."

एक पद्धत मात्र पाळावी लागे. प्रश्न विचारला की खारूताईनं मान तिरकी करून गप्प राहायचं, म्हणजे घरी बसलेलं मूल उत्तर देईल. मग "शाब्बास!" म्हणून तिनं उत्तर सांगायचं. कॅमेऱ्यामागचे सर भलतेच घायकुते. मी जरा थांबले की ओरडत, "मॅडम, लोकांना वाटंल मोबाईलच अडकला!" म्हणून ती शांतता श्वासभर उरली. तीच आता माझी पाठ सोडत नाही.

गेल्या हिवाळ्यात चारठाण्याच्या शाळेत खारूताईचा खेळ केला. पोरं पांगली, मी मोजा पिशवीत घालत होते, तेवढ्यात एक बाई पुढं आली. फोटो हवा असेल, असं वाटलं.

"माझी लेक रोज बघायची तुमाला," ती म्हणाली. "लय हळू बोलायची. गाईचं बाळ कोण, म्हनून तुमी विचारायच्या. ती वा... वा... करू लागली की तुमी शाब्बास म्हनून मोकळ्या. मग खारूताईलाच रागवायची, थांब की गं, सांगायलेय मी!"

मला हसू आलं. "कुठंय ती? बोलवा की."

"पोळ्याच्या आधी तापानं गेली." तिनं पदर सारखा केला. "एक डाव थांबा, मॅडम. तिचं होईस्तोवर."

नाही म्हणायला जीभ रेटेना. मोजा पुन्हा हातात चढवला.

"सांगा पाहू, गाईचं बाळ कोण?"

खारूताईनं मान तिरकी केली. मी थांबले. हात भरून आला तरी थांबले. बाई माझ्याकडं बघतच नव्हती. तिच्या कमरेशी, शेजारच्या रिकाम्या जागेकडं बघत होती. खोटं कशाला सांगू, मला भीती वाटली. तरी मीही तिकडंच बघू लागले.

मग ती हसली.

"झालं तिचं सांगून. म्हना आता."

खारूताईचा आवाज काही केल्या निघेना. मी माझ्याच आवाजात म्हणाले, "शाब्बास. वासरू."