घारीचं पिल्लू आणि लॅबवाले काका

गच्चीवर जाण्याआधी काका डोक्यावरून उशीचा अभ्रा ओढून घ्यायचे. जुना, तपकिरी, डोळ्यांपुरती दोन भोकं पाडलेला. हातात लांब चिमटा, चिमट्यात कोंबडीचा तुकडा. तुम्ही पाहिलं असतं तर हसला असता. आमची अख्खी बिल्डिंग हसायची.

भांडुपला ते पाचव्या मजल्यावर राहायचे, मी चौथ्या. कॉलेजच्या प्राणिशास्त्राच्या लॅबमध्ये अटेंडंट म्हणून त्यांनी उभा जन्म काढला होता. शेजारच्या प्लॉटवरचं झाड पाडलं तेव्हा घरट्यासकट घारीचं पिल्लू खाली आलं. काकांनी पक्षी वाचवणाऱ्यांना फोन केला. "उंचावर ठेवा, आईबाप शोधत येतील," असं उत्तर मिळालं. दोन दिवस कोणी आलं नाही. मग काकाच त्याची आई झाले.

"पण अभ्रा कशाला, काका?" मी एकदा विचारलं.

"उडूक शिकवूक लागणा नाय रे. घाबरूक शिकवूक लागता." मालवणीवर आले की काका गंभीर असायचे. "उडणं तिच्या रक्तातच आहे. माणसापासून लांब राहायचं, ते आईकडून शिकायचं. माझं तोंड आणि खाणं तिला एकत्र दिसलं ना, तर माणूस म्हणजे खाऊ असं डोक्यात बसेल. मग वाट लागली तिची. तू तिला काही खायला घालू नकोस हां."

"नाही ओ काका."

पिल्लू उडायला लागलं आणि एका सकाळी माझ्या गॅलरीच्या कठड्यावर येऊन बसलं. मी बांगडा साफ करत होतो. एक तुकडा पुढे धरला. तिने मान वाकडी करून माझ्याकडे पाहिलं आणि बोटांतून अलगद उचलला. इतक्या जवळून आजवर कोणी माझ्याकडे असं पाहिलं नव्हतं. मग ते रोजचंच झालं. ऑफिसात व्हिडिओ दाखवले. "झकास यार!" सगळे म्हणाले.

काही दिवसांनी दुसऱ्या मजल्यावरची मुलगी कंपाउंडमध्ये चिकन रोल खात उभी होती. घारीने झडप घातली. डोळ्याच्या खाली चार टाके पडले.

सोसायटीची मीटिंग झाली. सेक्रेटरी म्हणाले, "काका, तुमची घार आहे. तुम्हीच काय ते बघा."

काका उठले. "मी तिला तोंड दाखवलेलं नाही. कुणीतरी तिला हाताने खायला घालतंय. जो कोणी असेल त्याने आजपासून बंद करावं. ती अजून लहान आहे, अजून शिकेल."

"माझ्या पोरीचा डोळा जाता जाता वाचला आणि तुम्ही आम्हालाच बोलताय?" मुलीची आई ओरडली.

काकांनी एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. मी मोबाइल बघत होतो.

दुसऱ्या दिवशी सकाळी गच्चीवरून त्यांचा आवाज आला. अभ्रा न घालता, उघड्या तोंडाने ते तिच्यावर मातीची ढेकळं फेकत होते. "जा! जा गो बाय, जा!" आवाज फाटला होता. घार बावचळली, एक गिरकी घेतली आणि सरळ माझ्या कठड्यावर येऊन बसली. काका वरून वाकून बघत होते. आजपासून द्यायचं नाही असं मी ठरवलं होतं. तरी हातात तुकडा होता.

ते मागे सरकले.

दोन दिवसांनी गच्चीवर कुणीतरी मांसाचा तुकडा दाखवला. ती विश्वासाने खाली उतरली. मग बांबू बसला. बांबू कुणाचा हे सगळ्यांना माहीत आहे, बोलत कोणी नाही. मेलेल्या घारीला पिशवीत घालून काका जिना उतरत होते तेव्हा मी समोर आलो. "काका, मी..." ते थांबले, मला वाट करून दिली आणि खाली गेले. माझं नाव त्यांनी शेवटपर्यंत कुणाला सांगितलं नाही. भांडले असते तर बरं झालं असतं.

पावसाळ्याआधी त्यांनी खोली विकली आणि गावी जायला निघाले. खाली टेम्पो उभा होता. पाचव्यापासून एकेका दाराची बेल वाजवत ते निरोप घेत येत होते. मी शर्ट बदलला, चहाचं आधण ठेवलं. शेजारच्या दारात त्यांचा आवाज आला, "येतो हां. सांभाळून राहा." शेजारचं दार लागलं. मी माझ्या दाराच्या कडीवर हात ठेवून उभा राहिलो.

पावलं दारासमोरून गेली. मग तिसऱ्या मजल्यावरची बेल वाजली.